चौकटीबाहेरचा हात

शुभदा सावर्डेकरच्या आईचा चेहरा अर्ध्या ब्रिटनला पाठ होता. नाव मात्र कुणाला ठाऊक नव्हतं. लेस्टरच्या मोज्यांच्या कारखान्यात आपल्याकडच्या बायकांनी संप केला, त्याला आता पन्नास वर्षं होत आली होती. त्या संपाचं चित्रण म्हणून जे उरलं होतं ते चार सेकंदांचं. साडीवर पुरुषी कोट चढवलेली एक तरुण बाई, उजवा हात वर, तोंड उघडं, डोळे नुसते पेटलेले. ब्रिटिश टेलिव्हिजनवरच्या कुठल्याही माहितीपटात 'स्थलांतरित' हा शब्द आला की निवेदकाच्या आवाजाखाली ही चार सेकंदं यायचीच. विषय संपाचा असो, वंशद्वेषाचा असो, नाहीतर लोकरीच्या इतिहासाचा असो, बटाट्याच्या भाजीसारखी ही बाई प्रत्येक पंक्तीला हजर. धंद्यातले लोक त्या तुकड्याला 'साडीवाली' म्हणत.

शुभदा याच धंद्यातली. जुनं चित्रण हुडकायचं, ते कुणाच्या मालकीचं आहे ते ठरवायचं, परवानगी मिळवायची आणि संकलकाच्या हवाली करायचं, हे तिचं काम. या धंद्यात ती आली तीच त्या चार सेकंदांपायी. शाळेत असताना एका संध्याकाळी टीव्हीवर अचानक आई दिसली. पोरगी आनंदाने घरभर नाचली. आई भांडी घासत होती. तिने एकदा वळून पडद्याकडे पाहिलं आणि पुन्हा नळ सोडला. आपली आई किती साधी, असं तेव्हा शुभदाला वाटलं होतं, आणि पुढची चाळीस वर्षं तेच वाटत राहिलं.

त्या चित्रणाला आवाज नव्हता. बातमी तयार करताना फितीवरचा मूळ आवाज पुसून तिथे निवेदकाचा भरलेला, आणि पुढे तो जुना निवेदकही सगळ्यांना नकोसा झाला. पण मुकं चित्र पडद्यावर मेल्यासारखं दिसतं, म्हणून त्यावर काहीतरी चढवावं लागतं. साडीवालीवर नेहमी एकच आवाज चढायचा. ध्वनिसंग्रहात त्याचं नाव होतं 'बायकांचा जमाव, संतप्त'. 'आउट, आउट' असा घोष करणाऱ्या त्या बायका होत्या उत्तरेकडच्या एका बिस्किटांच्या कारखान्यातल्या, आणि सगळ्या गोऱ्या. शुभदाला हे पक्कं ठाऊक होतं. तिने स्वतः तो घोष कितीदा तरी आईच्या तोंडावर बसवला होता. जमाव तो जमाव, असं सगळेच म्हणायचे आणि पुढच्या दृश्याकडे वळायचे.

मग 'कान' आला.

यंत्राचं खरं नाव लांबलचक होतं, पण संकलनाच्या खोल्यांमधून ते 'कान' याच नावाने फिरलं. त्यामागचं विज्ञान ऐकायला सोपं होतं. आवाज म्हणजे हवेचा थरथराट. तो ज्या वस्तूवर पडतो तिलाही हलवतो. झाडाचं पान, वर्तमानपत्र, चहाच्या पेल्यातलं पाणी, सगळं माणसाच्या बोलण्याने हलतं. इतकं कमी, की डोळ्याला कळत नाही. ही हालचाल जर चित्रात उतरली असेल, तर ती मोजून आवाज उलटा बांधता येईल. अडचण एवढीच होती, की कॅमेरा सेकंदाला पंचवीस चित्रं घेतो आणि माणसाचा आवाज त्याच अवधीत शेकडो, हजारो वेळा थरथरतो. पंचवीस चित्रांत तो कसा सापडणार?

उत्तर जुन्या कॅमेऱ्यांमध्येच दडलेलं होतं. ऐंशीच्या दशकातला बातम्यांचा कॅमेरा अख्खं चित्र एकदम घेत नसे. भिंतीवर रंगाचे पट्टे मारावेत तशी एकाखाली एक सहाशेपंचवीस ओळी तो भरत जाई. प्रत्येक ओळ आधीच्या ओळीपेक्षा किंचित नंतरची. म्हणजे एका चित्रात एक क्षण नव्हता, क्षणांची चळत होती. सेकंदाला पंधरा हजारांहून जास्त ओळी. माणसाचा आवाज पकडायला तेवढ्या पुरतात. अट एकच: फीत मूळची हवी. नंतरच्या संगणकी प्रतींमध्ये त्या ओळी एकमेकींत मिसळून गेलेल्या असतात, त्यांतून काही हाती लागत नाही.

संपाच्या पन्नाशीनिमित्त मोठा माहितीपट व्हायचा होता. दिग्दर्शक गॅरेथ पेनरी, वेल्समधल्या खाणकामगारांच्या घरातला, मनाने चांगला, बोलायला लागला की थांबणं अवघड. कारखान्याच्या जागी साडीवालीचा ब्राँझचा पुतळा उभा राहत होता आणि साडीवाली ही शुभदाची आई हे कळल्यावर त्याचं अनावरण खुद्द तिच्याच हस्ते करायचं ठरलं होतं. पन्नास वर्षं मुकी असलेली ही बाई आपल्या चित्रपटात पहिल्यांदा बोलेल, या कल्पनेने गॅरेथला झोप येत नव्हती. खरं सांगायचं तर शुभदालाही. आई त्या दिवशी काय बोलली असेल, याचे तिने लहानपणापासून किती तर्क केले होते.

रविवारी ती लंडनजवळच्या स्लावला आईकडे गेली आणि उत्साहाने सगळं सांगितलं. प्रमिलाबाई ऐंशीच्या, पण पाठ ताठ आणि डोकं शाबूत. त्या मटार सोलत होत्या. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "आवाज कशाला हवाय गो त्यांना? चित्रावर भागत नाही?"

शुभदा म्हणाली की लोकांना कळायला नको का. प्रमिलाबाई म्हणाल्या, लोकांचं सगळं कळून झालेलं असतं. मग त्यांनी विषय बदलला आणि जाताना मटारची पिशवी लेकीच्या हातात कोंबली. आईच्या बोलण्यात शुभदाला नेहमीचा संकोचच दिसला.

मूळ फीत चेशरमधल्या मिठाच्या जुन्या खाणीत मिळाली. जमिनीखाली हवा कोरडी असते, फिती सडत नाहीत, म्हणून असले संग्रह तिथे ठेवतात. पेटी कुणी वर्षानुवर्षं उघडलेली नव्हती. उघडणार तरी कशाला? रुंद पडदे आले तेव्हा साऱ्या जुन्या, चौकोनी चित्रणाच्या नव्या प्रती काढल्या गेल्या. चौकोनी चित्र रुंद पडद्यावर बसवायचं तर वरचा आणि खालचा भाग छाटावा लागतो. सगळ्यांनीच छाटला. तेव्हापासून धंद्यात फिरत होती ती छाटलेली प्रत. शुभदानेही जन्मात दुसरी पाहिली नव्हती.

लंडनच्या सोहोमधल्या एका अंधाऱ्या खोलीत फीत यंत्रावर चढली. शुभदा, गॅरेथ आणि यंत्र चालवणारा तंत्रज्ञ. पडद्यावर पहिल्यांदा आई अख्खी आली.

शुभदाचं लक्ष आधी वर गेलं. छाटलेल्या प्रतीत आईचा हात मनगटापर्यंत दिसे. त्यापुढे मूठ असणार हे सगळ्यांनी धरून चाललेलं. आता मूठ दिसत होती. ती एका दांड्याभोवती आवळलेली होती. बसच्या दाराशी वर आडवा दांडा असतो ना, तो. मग तिने खाली पाहिलं. आई बसच्या पायरीवर उभी होती. छाटलेल्या प्रतीत कोटाची घडी वाटे ती छातीपाशी डाव्या हाताने धरलेली प्लास्टिकची पिशवी होती, आतल्या डब्याचा गोल आकार ओळखू येत होता. पाठीमागचा अंधार, जो सगळ्यांना कारखान्याचा दरवाजा वाटत आला होता, तो बसचा आतला भाग होता.

शुभदाने या संपावरचं सगळं वाचलेलं होतं. संपातल्या बायका चालत येत. बस होती ती कंपनीची. संप मोडून कामावर जाणाऱ्यांना ती रोज सकाळी फाटकातून आत नेत असे, आणि संपकरी बायका तिच्यापुढे उभ्या राहून तिला अडवत.

गॅरेथनेही दांडा पाहिला होता. तो खुशीत म्हणाला, बघ, बिचाऱ्या बसने यायच्या संपाला. माणसाला पाहायचं असतं तेच तो पाहतो, आणि गॅरेथने ही बाई लहानपणापासून पाहिलेली होती.

"पिशवी उत्तम आहे," तंत्रज्ञ म्हणाला. पातळ प्लास्टिक, तोंडापासून वीतभर. याहून चांगली वस्तू कानाला मिळत नाही. त्याने बटण दाबलं. आधी खरखर आली, मग इंजिनाची घरघर, आणि तिच्यातून वर येणारा एक तरुण, चिरका आवाज. तो आपल्या आईचा आहे हे कळायला शुभदाला क्षण लागला, कारण त्या वयाची आई तिने कधी ऐकलीच नव्हती.

"अगो बायांनो, माझी पोर तिकडं राहिलीय. मला आत जाऊ द्या!"

तीनदा लावलं. तिन्ही वेळा शब्द न् शब्द स्वच्छ होता. असल्या पुन्हा उभ्या केलेल्या आवाजांचा अर्थ यंत्राने लावलेला चालत नसे; एका खटल्यात भलताच घोळ झाल्यापासून भाषा जाणणाऱ्या माणसाची सही लागे. खोलीत मराठी जाणणारं माणूस एकच होतं.

"काय म्हणते?" गॅरेथने विचारलं. त्याचे डोळे भरून आले होते.

शुभदाने पडद्याकडे पाहिलं. पोर म्हणजे ती स्वतः. पाच वर्षांची, चिपळूणला मामाकडे ठेवलेली. "ती म्हणते," शुभदा सावकाश म्हणाली, "बायांनो, मागे हटू नका."

गॅरेथने टाळी वाजवली. सही करायला कागद पुढे आला तेव्हा शुभदाने नंतर करते म्हणून सांगितलं आणि ती बाहेर पडली.

त्याच दुपारी ती स्लावला पोचली. तिने काही प्रस्तावना केली नाही. फोन टेबलावर ठेवला आणि आवाज लावला. प्रमिलाबाईंनी तो शेवटपर्यंत ऐकला. मग म्हणाल्या, "केवढी किंचाळत होते मी."

पुढे त्यांनी जे सांगितलं ते एखाद्या शेजारणीची हकीकत सांगावी तसं. शुभदाच्या वडिलांचा ओतशाळेतला रोजगार त्याच वर्षी बंद पडला होता. मुलीला इकडे आणायचं तर आईला कायमची नोकरी आहे असा कंपनीचा दाखला सरकारला द्यावा लागे. मॅनेजर म्हणाला, कामावर येईल तिला दाखला, बाहेर उभी राहील तिला नाही. संपाची मागणी खरी होती हेही प्रमिलाबाईंना ठाऊक होतं. कामाची पाळी लांबवून बायकांना राबवत, लघवीला जायचं तर परवानगी मागावी लागे. त्या पहिल्या तीन दिवस संपात उभ्याही होत्या. चौथ्या दिवशी बसमध्ये चढल्या. संप मोडला. शुभदा आली. नंतर देवळात त्या बसल्या की बाजूची सतरंजी रिकामी होई. बाजारात ओळखीच्या बायका पलीकडच्या फुटपाथवर जात. वर्षभराने सावर्डेकरांनी लेस्टर सोडलं. संप केला म्हणून आईला कामावरून काढलं आणि गाव सोडावं लागलं, अशी जी कथा शुभदा आयुष्यभर सांगत आली होती, ती तिची तिनेच जुळवलेली होती.

"तू बोलली का नाहीस कधी?" शुभदाने विचारलं. तिला राग आला होता, आणि कुणावर ते कळत नव्हतं.

"मी खोटं कधी बोलले नाही. मला कुणी विचारलंच नाही. टीव्हीवर दिसले तेव्हा इथल्या आपल्या लोकांनी शाल-नारळ दिला, काय ओरडत होतीस ते कुणी नाही विचारलं. तूसुद्धा नाही. तू तर टीव्हीवालीच." प्रमिलाबाईंनी फोन लेकीकडे सरकवला. "काय सांगितलंस त्यांना?"

शुभदाने सांगितलं.

म्हातारी हसली, पण ते हसणं पाहवत नव्हतं. "म्हणजे आत्तापर्यंत परक्या बायकांचा आवाज घालत होतात माझ्या तोंडात. आता पोटच्या पोरीनेही घातला."

शुभदा रडली. आईने तिला रडू दिलं, पाणी आणून दिलं, पण समजूत काढली नाही. संपात पुढे असायची ती जशोदाबेन अजून आहे, एवढं मात्र सांगितलं. संप मोडल्यावर तिला कुठेच कारखान्यात घेतलं नाही. जन्मभर शाळांच्या फरशा पुसल्या तिने. पहिल्यांदा जेव्हा साडीवाली टीव्हीवर आली, तेव्हा तिने लेस्टरहून फोन केला होता. नाव सांगितलं, पुढे बोलली काहीच नाही. थोडा वेळ श्वास ऐकू आला, मग ठेवून दिला.

दुसऱ्या दिवशी शुभदाने गॅरेथला खरा अर्थ सांगितला आणि त्याखाली सही केली. गॅरेथने तो वाचला, दांड्याचं चित्र पुन्हा लावून पाहिलं, आणि त्याचा चेहरा उतरला. तो चांगला माणूस होता, म्हणून त्याने आरडाओरडा केला नाही. त्याने नुसतं विचारलं की आता या टप्प्याला आपण काय करू शकतो. चित्रपट बांधून झाला होता. पुतळा ओतून झाला होता. जशोदाबेनसकट सगळ्या जुन्या संपकरी बायका समारंभाला येणार होत्या. त्यांचा दिवस आपण का नासवायचा? शेवटी त्याने चॅनेलच्या वकिलांना विचारलं आणि वकिलांनी सर्वांत सुरक्षित मार्ग सुचवला. आवाज वापरू नये. नेहमीचं करावं.

म्हणजे चित्र छाटलं गेलं, आणि त्यावर बिस्किटवाल्या बायका परत आल्या.

समारंभाला आई जाणार नाही अशी शुभदाची खात्री होती. प्रमिलाबाई म्हणाल्या, जाणार तर. त्यांनी कपाटातून जुना कोट काढून झटकला.

पुतळा चांगला झाला होता, चेहरा तर हुबेहूब. मनगटाच्या पुढचं शिल्पकाराला मिळालेल्या चित्रात नव्हतं, म्हणून ते त्याने मनाने घडवलं होतं: आकाशात उगारलेली भक्कम मूठ. प्रमिलाबाई खाली उभ्या राहून वर पाहत राहिल्या.

"ह्यातला दांडा कुठाय गो?" त्यांनी हळूच विचारलं.

पहिल्या रांगेत चाकांच्या खुर्चीत जशोदाबेन होती, मांडीवर पांघरूण, चष्म्याच्या जाड काचा. तिने प्रमिलाबाईंकडे पाहिलं आणि मान वळवली नाही. महापौरबाईंचं भाषण झालं, पडदा सरला, टाळ्या झाल्या. मग महापौरबाईंनी कौतुकाने ध्वनिक्षेपक प्रमिलाबाईंपुढे धरला आणि विचारलं की त्या दिवशी आपण नेमकं काय म्हणाला होता, ते आम्हाला ऐकवाल का. गॅरेथ कॅमेऱ्यांच्या मागे उभा होता. त्याने डोळे मिटून घेतले.

प्रमिलाबाई म्हणाल्या. पन्नास वर्षांपूर्वीचंच वाक्य, तेवढ्याच शब्दांत, फक्त आवाज न चढवता.

टाळ्यांचा कडकडाट झाला. कुणाला काही कळलेलं नव्हतं. एकट्या जशोदाबेनने टाळी वाजवली नाही.

प्रमिलाबाईंनी हात वर करून टाळ्या थांबवल्या. या वेळी हात खरोखर मोकळा होता. इंग्रजी त्यांना चांगलं येत होतं, पण त्या लेकीकडे वळल्या. "तू सांग त्यांना. तुझ्यासाठी ओरडले होते."

शुभदा पुढे झाली. ध्वनिक्षेपक जड लागला. तिने आधी वाक्य इंग्रजीत सांगितलं. मग ती बस कुणाची होती ते सांगितलं, पोर कोण ते सांगितलं, आणि शेवटी म्हणाली की मी या देशात वाढले, शिकले, त्याची किंमत समोर बसलेल्या बायकांनी भरली. तिने सगळं पुरं केलं. मागच्या रांगेतून दोन माणसं उठून गेली. महापौरबाई हातातल्या कागदाकडे पाहत राहिल्या.

प्रमिलाबाई सावकाश चालत चाकांच्या खुर्चीपाशी गेल्या. वाकता येत नव्हतं, म्हणून नुसत्याच उभ्या राहिल्या. जशोदाबेन गुजरातीतच बोलली. तिने एवढंच सांगितलं की तिला त्याच दिवशी समजलं होतं. मराठी येत नव्हतं, पण पोर म्हणजे काय ते आईला कळतं. आणि तरीही ती बसपुढून हटली नव्हती. "तने माफ नथी करी," ती म्हणाली, तुला माफ केलेलं नाही. प्रमिलाबाईंनी मान डोलावली. जशोदाबेनने पांघरुणातून हात काढला, त्यांच्या कोटाचं सुटलेलं बटण लावलं आणि हात पुन्हा आत घेतला.

संध्याकाळी स्लावच्या घरात दोघींनी टीव्ही लावला. बातम्यांमध्ये लेस्टरचा पुतळा आला, शेवटून दुसरा. शुभदा काय बोलली त्यातलं काहीच नव्हतं; वेळ कमी असतो. ध्वनिक्षेपकापुढच्या प्रमिलाबाई मात्र होत्या, चारेक सेकंद, वरून-खालून नीट छाटलेल्या. ओठ हलत होते, त्यावर निवेदक आनंदाने काही सांगत होता, आणि त्याच्या आवाजाखाली त्या बायका ओरडत होत्या: आउट, आउट.

शुभदा ताडकन उठली. चॅनेलवर कुणाला फोन करावा याचा विचार करत ती नंबर शोधू लागली. प्रमिलाबाईंनी तिचा हात धरून तिला खाली बसवलं, रिमोट घेतला, बातमी मागे नेली आणि आवाज पूर्ण बंद केला.

पडद्यावरच्या म्हातारीचे ओठ हलू लागले तसं खुर्चीतल्या म्हातारीने ते वाक्य म्हटलं, ओठांबरहुकूम, एक शब्द मागे-पुढे न होता.

मग तिने बातमी पुन्हा मागे नेली आणि रिमोट लेकीच्या हातात दिला.

"आता तू म्हण," ती म्हणाली. "मी गेल्यावर लावतील तेव्हा कुणाला तरी हे म्हणता यायला हवं."